पॉयझन आयव्ही: तीन पाने मोजून थांबू नका

एप्रिल-मे आला की अमेरिका-कॅनडात राहणाऱ्या मराठी वाचकांकडून आणि मुलांकडे उन्हाळा घालवायला तिकडे निघालेल्या आईवडिलांकडून ठरावीक प्रश्न येऊ लागतात. कुंपणाशी तीन पानांची वेल आली आहे, ती त्वचेवर पुरळ उठवणारी पॉयझन आयव्हीच का? पान चकाकत नाही, म्हणजे धोका नाही ना? फोनमधल्या अ‍ॅपने काल एक नाव सांगितले, आज दुसरेच. मग खरे काय मानायचे? प्रश्न वेगवेगळे असले तरी गोंधळाचे मूळ एकच आहे. ‘तीन पाने दिसली की लांब राहा’ हा नियम तिकडे शाळकरी मुलांनाही पाठ असतो. लांब राहण्यापुरता तो उत्तम आहे. पण त्या नियमाने पॉयझन आयव्ही ओळखता येते, असे समजले की दोन्हीकडून फसगत होते. परसातली निरुपद्रवी रोपे भीतीपोटी उपटली जातात. आणि दहा वेळा ‘तीन पाने होती, तरी काही झाले नाही’ असा अनुभव आला की अकराव्या वेळी माणूस खऱ्या पॉयझन आयव्हीत बिनधास्त हात घालतो.

या लेखाचे म्हणणे थोडक्यात असे: पॉयझन आयव्ही रंगावरून, चकाकीवरून किंवा पानाच्या कडेवरून ओळखू नका, कारण या तिन्ही गोष्टी ऋतूप्रमाणे आणि जागेप्रमाणे बदलतात. पान फांदीला कसे जोडलेले आहे आणि त्याचे तीन भाग एकमेकांना कसे जोडलेले आहेत, ही ठेवण मात्र बदलत नाही. ओळख तिच्यावर ठरवा. आणि ती ठरवण्याआधी एक प्रश्न विचारा.

ओळख कशासाठी हवी आहे?

ट्रेलवर चालताना पायवाटेच्या कडेला एक झुडूप दिसले, तर तुम्हाला एवढेच ठरवायचे असते की पाय तिकडे टाकायचा की नाही. तिथे चूक झाली तरी बिघडत नाही. रानटी स्ट्रॉबेरीला वळसा घातल्याने कोणाचे नुकसान होत नाही. म्हणून चालताना तीन पानांचा नियम पुरेसा आहे आणि तो कडक पाळावा, लहान मुले बरोबर असतील तर नक्कीच. परसातली वेल उपटायची असेल तेव्हा मात्र खात्री जास्त लागते, कारण पॉयझन आयव्ही उपटण्याची रीत साध्या तणापेक्षा पूर्ण वेगळी आहे. सर्वांत जास्त खात्री लागते ती ‘हे पॉयझन आयव्ही नाही’ असे म्हणून मुलांना तिथे खेळू देताना किंवा त्या लाकडांची शेकोटी पेटवताना. लोकांच्या हातून नेमकी इथेच उलटापालट होते. वळसा घालायला खूप विचार करतात आणि ‘नाही हो, हे साधेच आहे’ हे मात्र एका नजरेत ठरवतात. तेव्हा होकार द्यायला एक खूण पुरली तरी नकार द्यायला सगळ्या खुणा तपासून पाहा.

पानाची ठेवण: याच क्रमाने पाहा

ज्याला आपण तीन पाने म्हणतो ते खरे तर एकच संयुक्त पान असते आणि त्याच्या तीन पर्णिका असतात. मराठी वाचकांना हे समजायला बेलाच्या त्रिदळाइतके चांगले उदाहरण नाही. बेलाचे त्रिदळ आठवा: तिन्ही दळे एका देठावर, बाजूची दोन जवळजवळ देठाला टेकलेली आणि मधले दळ स्वतःच्या लांब दांडीवर पुढे गेलेले. पॉयझन आयव्हीत हीच रचना आहे. हात न लावता, दोन-तीन फुटांवरून, पुढील क्रमाने पाहा.

- फांदीवर पाने एकाआड एक आहेत का? एका पेरावर एकच पान, पुढच्या पेरावर दुसऱ्या बाजूला दुसरे, अशी मांडणी हवी. एकाच पेरावर समोरासमोर दोन पाने असतील तर ते पॉयझन आयव्ही नाही.
- प्रत्येक पानाला तीनच पर्णिका आहेत का? एकच पान पाहून ठरवू नका. पाच-सहा पाने पाहा. किडीने खाल्लेले किंवा तुटलेले पान फसवते.
- मधल्या पर्णिकेची दांडी बाजूच्या दोघींपेक्षा स्पष्टपणे लांब आहे का? बाजूच्या पर्णिका देठाला जवळजवळ चिकटलेल्या दिसतात.
- बाजूच्या पर्णिका डावी-उजवीकडे असमान आहेत का? मधल्या शिरेच्या बाहेरच्या अंगाचा भाग रुंद आणि आतल्या अंगाचा अरुंद असतो. मधली पर्णिका मात्र दोन्ही बाजूंनी बरीचशी सारखी असते.
- काटे आहेत का? पॉयझन आयव्हीला काटे कधीच नसतात, ना खोडावर, ना देठावर.

यातली चौथी खूण सहसा कोणी सांगत नाही आणि कामाला मात्र तीच फार येते. कडा कशीही असो, बाहेरचे अंग आतल्यापेक्षा रुंद, हा बाजूच्या पर्णिकांचा कल सहज दिसतो. पुष्कळदा त्याच बाहेरच्या अंगाला एकच मोठी खाच पडलेली असते आणि ती असेल तर खात्री आणखी वाढते. पण खाच नाही म्हणून धोका नाही, असे मानू नका.

इथे कोणी म्हणेल, पाच गोष्टी कशाला, मधली दांडी लांब दिसली की झाले. झाले नाही. रासबेरीच्या तीन पर्णिकांतही मधलीची दांडी लांब असते. तिथे काटे पाहिल्याशिवाय निकाल लागत नाही. बॉक्स एल्डर या मेपलच्या जातीच्या कोवळ्या रोपात तर पर्णिकांचा आकार, असमानपणा, मधली दांडी, सगळे हुबेहूब जुळते; फरक एवढाच की पाने समोरासमोर असतात. पाच खुणा एकत्र पाहायच्या त्या यासाठीच, आणि फांदीवरची मांडणी क्रमात पहिली ठेवली आहे तीही यासाठीच.

काय बदलते, म्हणून कशावर विसंबू नये

वसंतात कोवळी पाने तांबूस आणि चकचकीत निघतात. उन्हाळ्यात ती हिरवी होतात. सावलीतली बहुधा मंद दिसतात, उन्हातली चकाकतात, पावसानंतर तर सगळीच चकाकतात. शरदात ही वेल पिवळी, नारिंगी, लाल होते आणि तेही पुष्कळ झाडांच्या आधी. पानगळीचे रंग पाहायला गेलेली मंडळी सुंदर लाल पाने म्हणून हीच उचलून आणतात, पुस्तकात दाबतात, मुलांना चिकटवायला देतात. पुरळ उठवणारे तेल त्या पानांतही तेवढेच असते. पर्णिका साधारण दोन ते सहा इंच लांब. पण एकाच वेलीवर एका पानाची कडा सरळ, दुसऱ्याची दातेरी, तिसऱ्याची खोल खाचांची असू शकते. ‘फोटोतल्यासारखी दिसत नाही’ हा पुरावा होत नाही, तो यामुळे.

वाढण्याची तऱ्हाही एक नाही. जमिनीवर गालिचासारखी पसरलेली, गुडघाभर झुडपासारखी किंवा झाडावर साठ-सत्तर फूट चढलेली, तिन्ही रूपे याच एका वनस्पतीची. झाडावर चढलेल्या जुन्या वेलीला आडव्या फांद्या फुटतात आणि त्या इतक्या लांब येतात, की त्या झाडाच्याच फांद्या वाटतात. डोक्याच्या उंचीवर तीन पर्णिकांचे पान दिसले तर ते ‘वेलीचे नाही’ म्हणून सोडून देऊ नका.

एक जादा खूण मात्र लक्षात ठेवण्यासारखी आहे. या वनस्पतीचा रस हवा लागताच काळा पडतो. त्यामुळे चिरडलेल्या, किडीने टोचलेल्या पानांवर काळ्या शाईचे वाळलेले थेंब असावेत असे डाग दिसतात. दिसले तर संशय पक्का समजा. नसले तर त्यावरून काहीच सिद्ध होत नाही.

आणि एका सवयीबद्दल स्पष्ट लिहिले पाहिजे. अनोळखी झाड दिसले की पान खुडायचे, चुरगाळायचे, वास घ्यायचा ही आपल्याकडची झाडे ओळखायची जुनी आणि चांगली पद्धत आहे. ज्यांना झाडांची आवड आहे त्यांचाच हात पटकन पुढे जातो. उत्तर अमेरिकेत ती सवय पूर्ण बाजूला ठेवा. चुरगाळल्यानेच तेल बाहेर पडते. पूजेसाठी पत्री गोळा करतानाही परसातली ओळखीची झाडेच वापरा; बेलासारखे दिसते म्हणून कुंपणावरचे त्रिदळ तोडू नका.

हमखास फसवणारी झाडे

- व्हर्जिनिया क्रीपर: पर्णिका पाच, सगळ्या एकाच बिंदूतून निघालेल्या. कोवळ्या वेलीवर मात्र काही पाने तीन पर्णिकांचीही असतात. म्हणून वेल वरपर्यंत पाहा. फळे निळी-काळी.
- बॉक्स एल्डर: पाने समोरासमोर. झाड मोठे झाले की पर्णिकाही पाच-सात होतात.
- रासबेरी, ब्लॅकबेरी: काटे. रासबेरीच्या पानाची खालची बाजू पांढरट.
- रानटी स्ट्रॉबेरी: पाने थेट जमिनीतून निघतात, कडेला एकसारखे दाते, तिन्ही पर्णिकांच्या दांड्या जवळजवळ सारख्या.
- हॉग पीनट: नाजूक वेल, आधाराला वेढे घालत चढते. पॉयझन आयव्ही वेढे घालत नाही; मुळांनी चिकटून चढते.
- फ्रेग्रंट सुमॅक: मधल्या पर्णिकेला दांडी जवळजवळ नसतेच. फळे लाल आणि लवदार.

यात व्हर्जिनिया क्रीपरबद्दल जास्त सावध राहा. ती आणि पॉयझन आयव्ही पुष्कळदा एकाच झाडावर, एकमेकींत गुंतून वाढतात. पाच पर्णिका मोजून निर्धास्त झालात आणि वेल ओढलीत, तर दुसरीही हातात येते.

फळे असतील तर काम सोपे होते. पॉयझन आयव्हीची फळे वाटाण्याहून लहान, पांढरट किंवा मळकट पांढरी, घोसात लागतात आणि पाने गळल्यावरही टिकतात. पक्षी ती आवडीने खातात आणि बी टाकतात ते बसल्या जागी. त्यामुळे तुम्ही कधीही न लावलेले रोप कुंपणाखाली, विजेच्या तारांखाली, मोठ्या झाडाच्या बुंध्याशी उगवते. दरवर्षी तपासायच्या जागा याच, शिवाय पायवाटेची, ओढ्याची आणि खेळाच्या मैदानाची कडा. दाट रानाच्या पोटात शिरण्यापेक्षा ऊन आणि सावली जिथे भेटतात त्या कडेलाच ती जास्त फोफावते. माणसाचा वावरही तिथेच असतो.

तुम्ही राहता कुठे, त्यावर बरेच ठरते

न्यू जर्सी, न्यूयॉर्क, बॉस्टन, शिकागो, अटलांटा, टेक्सास, टोरांटो या भागांत राहत असाल तर वरचे सगळे तुम्हाला लागू आहे. उत्तरेकडे आणि पश्चिमेकडे जाता जाता दुसरी जात आढळते. ती झाडावर चढत नाही, बुटके झुडूप होऊन राहते, पण पानाची ठेवण तीच. कॅलिफोर्नियात, म्हणजे सॅन फ्रान्सिस्कोच्या आसपास किंवा लॉस एंजेलिसच्या डोंगरांत, गाठ पडते ती पॉयझन ओकशी. तिथेही पर्णिका तीन आणि मधलीची दांडी लांब; पण पर्णिकांची कडा ओकच्या पानासारखी गोलसर वळणांची असते आणि रूप बहुधा झुडपाचे. त्रास देणारे तेल एकाच जातकुळीचे.

तिसरी बहीण तीन पर्णिकांच्या नियमात बसतच नाही. पॉयझन सुमॅकच्या पानाला ७ ते १३ पर्णिका असतात, मधला देठ लालसर, पर्णिकांची कडा सरळ, फळे पांढरट आणि लोंबती. ती पूर्वेकडच्या दलदलीत वाढते, त्यामुळे शहराच्या उद्यानात सहसा भेटत नाही. हमरस्त्याच्या कडेला दिसणारा, लाल तुऱ्यांचा, दातेरी पर्णिकांचा सुमॅक वेगळा आणि निरुपद्रवी आहे. अलास्का आणि हवाईत या तिघींची चिंता करण्याचे कारण नाही.

पाने नसतात तेव्हा

हिवाळ्यात झाडाच्या खोडावर चढलेली वेल आणि तिच्या अंगावर दाट, तपकिरी-काळ्या केसांसारखी मुळे दिसली, तर तिला पॉयझन आयव्ही समजा. काही निरुपद्रवी वेलींनाही अशी मुळे असतात, पण पानांशिवाय खात्री करणे अवघड आहे आणि इथे चूक महागात पडते. तेल पानांत असते तसे खोडात, मुळांत आणि वाळलेल्या वेलीतही असते. वादळात पडलेली लाकडे शेकोटीसाठी गोळा करताना त्यांवर अशी वेल असेल तर ती लाकडे सोडून द्या. पॉयझन आयव्ही जाळल्यावर तिचे तेल धुरावर स्वार होऊन डोळ्यांत, घशात आणि फुप्फुसांत जाते. त्वचेवरच्या पुरळापेक्षा हा प्रकार कितीतरी गंभीर आहे. त्यात जीवही धोक्यात येऊ शकतो.

‘आम्ही बिब्बा पाहिलेली माणसे’

वडीलधाऱ्यांचा एक आक्षेप पुष्कळदा ऐकू येतो: आम्ही कोकणात वाढलो, काजू सोलले, कैऱ्यांचा चीक अंगावर उडाला, बिब्बा उतलेला पाहिला, आम्हाला या वेलीचे काय? प्रश्न योग्य आहे, पण उत्तर नेमके उलटे आहे. महाराष्ट्रात पॉयझन आयव्ही उगवत नाही, पण बिब्बा, आंबा आणि काजू हे तिचे सख्खे भाऊबंद आहेत. आंब्याच्या साली-डेखातला चीक, ओल्या काजूच्या टरफलाचे तेल आणि बिब्ब्याचा रस यांतली द्रव्ये पॉयझन आयव्हीच्या उरुशिऑल या तेलाशी फार जुळणारी आहेत. हा त्रास विषबाधेचा नसून अ‍ॅलर्जीचा आहे. शरीर एकदा ते द्रव्य ओळखायला शिकले की पुढच्या वेळी जोरात प्रतिक्रिया देते. म्हणजे ज्यांना पूर्वी बिब्बा उतला आहे किंवा आंब्याच्या चिकाने ओठांभोवती फोड आले आहेत, त्यांनी स्वतःला जास्त धोक्यात समजावे. उलट दिशेचा पुरावाही आहे. दुसऱ्या महायुद्धात भारतात आलेल्या अमेरिकी सैनिकांच्या मानेवर आणि कमरेवर पुरळ उठले, कारण धोब्याने कपड्यांवर बिब्ब्याने खूण केली होती. डॉक्टरांनी त्याची तेव्हाच नोंद केली. तिकडे पॉयझन आयव्हीचा त्रास झालेल्यांनी म्हणूनच आंबा साल न चावता, दुसऱ्या कोणाकडून सोलून घेऊन खावा. गराचा त्रास सहसा होत नाही.

‘मला दोनदा लागली, काही झाले नाही’ हाही असाच फसवा दिलासा आहे. बहुसंख्य माणसांना ही अ‍ॅलर्जी आज ना उद्या होऊ शकते. ज्यांना पूर्वी झालेली आहे त्यांना साधारण १२ ते ४८ तासांत पुरळ येते. आयुष्यात पहिल्यांदाच संपर्क आला असेल तर दोन-तीन आठवडेही लागू शकतात. पाहुणे आलेले आईवडील तोपर्यंत ती वेल विसरलेले असतात आणि दोष साबणाला, पाण्याला किंवा जेवणाला देतात. रेघांमध्ये उठलेले, खाजणारे, पाणी भरलेले फोड दिसले तर मागच्या तीन आठवड्यांत बागेत काय काम केले ते आठवून पाहा.

हात लागलाच तर

- ताबडतोब धुवा. साध्या किंवा गार पाण्याने, भांडी घासण्याच्या साबणाने, ओल्या फडक्याने घासून, भरपूर पाणी ओतत. पहिल्या दहा-पंधरा मिनिटांत फायदा सर्वांत जास्त. तास-दोन तास उलटले असले तरी धुवाच. नखांखाली विसरू नका.
- खोबरेल तेल चोळू नका. उरुशिऑल तेलात विरघळते. चोळल्याने ते पसरते. काजू सोलण्याआधी हाताला तेल लावण्याची रीत वेगळी, तेल लागल्यानंतर चोळणे वेगळे.
- कपडे, बूट, बुटांच्या नाड्या, खुरपी, कात्री, फोन हे सगळे धुवा किंवा पुसा, हातमोजे घालून. न धुतलेल्या अवजारांवर हे तेल वर्षानुवर्षे टिकू शकते.
- कुत्रा बरोबर होता का? त्याला सहसा काही होत नाही, पण तेल त्याच्या केसांवरून घरात येते. हातमोजे घालून त्यालाही आंघोळ घाला.

फोडांतल्या पाण्यात उरुशिऑल नसते. त्यामुळे पुरळ एकाचे दुसऱ्याला लागत नाही आणि फोड फुटल्याने अंगावर पसरतही नाही. रोज नवीन जागी उठते असे वाटते, कारण जिथे त्वचा जाड आहे किंवा तेल कमी लागले आहे तिथे ते उशिरा दिसते. हे नीट समजून घ्या, म्हणजे आजीला नातवंडापासून दूर बसवण्याची वेळ येणार नाही. साधारण एक ते तीन आठवड्यांत पुरळ आपोआप ओसरते. तोवर गार पाण्याच्या पट्ट्या, कॅलामाइन, औषधाच्या दुकानात चिठ्ठीशिवाय मिळणारे एक टक्का हायड्रोकॉर्टिझोन मलम आणि ओटमील घातलेल्या कोमट पाण्याची आंघोळ यांनी आराम पडतो. फोड फोडू नका.

चेहरा, डोळे किंवा गुप्तांगांवर पुरळ असेल, अंगाचा मोठा भाग व्यापला असेल, पू किंवा ताप असेल तर डॉक्टरांकडे जा. श्वास घ्यायला त्रास होत असेल किंवा धूर श्वासात गेला असेल तर थेट ९११. अमेरिकेत १-८००-२२२-१२२२ या विषबाधा मदतवाहिनीवर चोवीस तास मोफत सल्ला मिळतो. आईवडिलांच्या बाबतीत दोन गोष्टी डॉक्टरांना आवर्जून सांगा. त्यांना मधुमेह किंवा रक्तदाब असेल तर ते आधी सांगा, कारण जोरदार पुरळासाठी दिल्या जाणाऱ्या स्टेरॉइडच्या गोळ्यांनी साखर आणि दाब दोन्ही वाढतात. आणि गोळ्या किती दिवसांच्या आहेत ते विचारा; पाच-सहा दिवसांत संपणारा कोर्स अपुरा पडला तर पुरळ पुन्हा उसळते, म्हणून तो बहुधा दोन-तीन आठवड्यांत हळूहळू कमी करत न्यावा लागतो. श्वासाचा त्रास नसेल तर हॉस्पिटलच्या इमर्जन्सीऐवजी अर्जंट केअरमध्ये जाणे पुष्कळ स्वस्त पडते. जाण्यापूर्वी व्हिजिटर इन्शुरन्समध्ये तुमच्या खिशातून किती भरायचे आहे ते पाहून ठेवा.

परसातून काढायची असेल तर

आधी खात्री. अ‍ॅपवर फोटो टाकायचा तर एका पानाचा नको, पेर, देठ आणि तिन्ही पर्णिका दिसतील असा घ्या. अ‍ॅपचे उत्तर सूचना म्हणून घ्या, निकाल म्हणून नको. कोवळ्या बॉक्स एल्डरपाशी अ‍ॅप चुकू शकते. अमेरिकेत विद्यापीठांशी जोडलेली कृषी विस्तार कार्यालये बहुतेक काउंट्यांत पोहोचलेली आहेत आणि तिथली मास्टर गार्डनर मंडळी असे फोटो पाहून उत्तर देतात. ही सोय वापरा.

रोप लहान आणि थोडे असेल तर जमीन ओली असताना मुळासकट काढा. पूर्ण बाह्या, लांब पँट, जाड व्हायनिलचे हातमोजे घाला. पातळ लॅटेक्समधून तेल आरपार जाते. सगळे प्लॅस्टिकच्या पिशवीत बंद करा आणि तुमच्या गावाचा कचऱ्याचा नियम पाहून टाका. जाळू नका, कंपोस्टमध्ये घालू नका आणि दोरीच्या यंत्राने गवतासारखे कापू तर मुळीच नका, कारण तुकडे आणि रस उडून अंगावर येतो. झाडावरची जाड वेल बुंध्याशी कापून वरचा भाग तसाच वाळू द्या. ओढून खाली पाडण्याच्या भरीस पडू नका. मुळांचा तुकडा राहिला की पुन्हा फुटते, म्हणून दोन-तीन हंगाम लक्ष ठेवावे लागते. तणनाशक वापरायचे तर पाने हिरवी आणि वाढती असताना, डब्यावरच्या सूचनेप्रमाणेच. वेल खूप असेल तर हे काम करणारे व्यावसायिक बोलवा. राष्ट्रीय उद्यानात मात्र ती पॉयझन आयव्ही असली तरी उपटण्याची परवानगी नाही. तिथे उद्यानाच्या कर्मचाऱ्यांना जागा दाखवा.

जागा दुसऱ्याची असेल तर

भाड्याच्या घरात राहत असाल तर स्वतः हात घालण्याआधी करारात बागेची जबाबदारी कोणाची आहे ते वाचा आणि घरमालकाला किंवा व्यवस्थापनाला फोटोसह ईमेल करा. तोंडी सांगितलेल्याला पुढे पुरावा राहत नाही. सोसायटीची सामाईक जागा असेल तर मागणी तिच्या समितीकडे लेखी करा. शेजाऱ्याच्या जमिनीतली वेल तुमच्या बाजूला आली असेल, तर आलेला भाग हद्दीपर्यंत कापण्याचा हक्क सर्वसाधारणपणे तुम्हाला असतो. पलीकडे जाऊन मुळाशी औषध ओतण्याचा नसतो. शेजाऱ्याला पाने दाखवा. पुष्कळदा त्यालाही ती ओळखता आलेली नसते. कायदे ठिकाणाप्रमाणे बदलतात. कॅनडातल्या ओंटारिओ प्रांतात पॉयझन आयव्ही उपद्रवी तणांच्या अधिकृत यादीत आहे. मिनेसोटात सार्वजनिक वाटा आणि लोकांची ये-जा असलेल्या व्यवसायाच्या जागांवर तिचा बंदोबस्त करणे बंधनकारक आहे. तुमच्या नगरपालिकेला फोन करून तिथला नियम विचारा. मुलांच्या शाळेच्या कुंपणाशी ती दिसली तर फोटो पाठवा आणि कधी काढणार ती तारीख मागा. बाहेर काम करणाऱ्यांना कामावर त्रास झाला तर त्याच दिवशी वरिष्ठांना लेखी कळवा आणि नोंदीची प्रत स्वतःकडे ठेवा. उपचारांच्या खर्चाचा दावा करायचा झाला तर तीच लागते.